फॉल्ट कोणी टाकला?

आज ज्या गोष्टीबद्दल बोलणार आहे तिला मराठीत अजून धड नाव पडलेलं नाही. संगणकात काहीही बिघडलेलं नसताना पडद्यावर 'बिघाड झाला आहे' अशी पाटी झळकवणारी सॉफ्टवेअरं असतात. हवी ती ओळ टाइप करायची, शेजारी लाल फुली निवडायची, खाली 'ओके'चं बटण ठेवायचं, की झाली पाटी तयार. समोरच्याला ती अगदी खरी वाटते. आमच्या पिंपरी ते चाकण पट्ट्यात 'फॉल्ट' हा शब्द इतका रुळला आहे की तराजू अडला तरी भाजीवाला 'फॉल्ट आलाय' म्हणतो. तेव्हा आपण याला 'खोटा फॉल्ट' म्हणू.

कवीला या विषयाशी काय देणंघेणं, असं कोणी विचारील. मी बी. ए. झालो आणि भोसरी एमआयडीसीतल्या एका लहान कारखान्याच्या स्टोअरमध्ये चिकटलो. दिवसा चलनं, रात्री कविता. नव्वदच्या दशकाच्या शेवटी आमच्या स्टोअरमध्ये पहिला संगणक आला. त्या काळच्या विंडोजमध्ये एखादा प्रोग्रॅम कोलमडला, की 'इल्लीगल ऑपरेशन' झालं आहे अशी पाटी यायची. आमचा हेल्पर थोडंफार इंग्रजी वाचायचा. 'इल्लीगल' म्हणजे बेकायदा, एवढं त्याला ठाऊक होतं. पाटी पाहून तो खुर्चीवरून उठून उभाच राहिला आणि म्हणाला, "साहेब, मी फक्त नटबोल्टची एंट्री करत होतो." आम्ही हसलो, पण तो हसला नाही.

संगणकाची ही भाषा तेव्हापासून माझ्या डोक्यात घर करून आहे. 'फेटल' म्हणजे प्राणघातक, 'अबॉर्ट', 'व्हायोलेशन', हे सगळे शब्द पोलीस ठाण्यातले किंवा इस्पितळातले. माझी आई यंत्र बंद पडलं की 'मशीन रुसली' म्हणायची. रुसलेल्याची समजूत काढता येते. 'इल्लीगल' म्हटलं की माणूस आधी स्वतःचे हात तपासतो. खोट्या फॉल्टची सगळी ताकद या हात तपासण्यात आहे.

या प्रकाराची सुरुवात मात्र गंमत म्हणून झाली, हे सांगायला हवं. विंडोज पूर्ण कोसळलं की येणारा निळा पडदा तुमच्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. १९९३ च्या विंडोज एनटीपासून तो होता, २०१२ साली त्यावर दुर्मुखलेला चेहरा आला आणि २०२५ मध्ये तो निळ्याचा काळा झाला. मार्क रुसिनोविच हे विंडोजच्या पोटात शिरून पाहणारे नावाजलेले जाणकार. त्यांनी हुबेहूब असाच निळा पडदा दाखवणारा एक स्क्रीनसेव्हर बनवला. थोडा वेळ पडदा निळा, मग संगणक पुन्हा सुरू होत असल्याचा देखावा, मग पुन्हा निळा. एखादी कळ दाबली की सगळं जागच्या जागी. २००६ साली मायक्रोसॉफ्टने त्यांची कंपनी घेतली आणि हा स्क्रीनसेव्हर खुद्द मायक्रोसॉफ्टच्या जागेवरून फुकट मिळू लागला. म्हणजे ज्यांचा पडदा, तेच त्याची नक्कल वाटणार! लिनक्सवाल्यांकडेही असाच एक स्क्रीनसेव्हर आहे, तो एकाच नव्हे तर अनेक जातींच्या संगणकांचे मृत्यू दाखवतो. आमच्याही ऑफिसात कोणीतरी अकाउंट्सवाल्यांच्या मशीनवर तो निळा पडदा टाकला होता. मार्च अखेर होती. ज्याने टाकला त्याला मालकांनी दोन दिवस घरी बसवलं, आणि योग्यच केलं.

याच रुसिनोविच यांचं 'नॉट माय फॉल्ट' नावाचं आणखी एक साधन आहे. ते मात्र नाटक करत नाही, संगणक खरोखर कोसळवतं. कोसळलेल्या संगणकाची तपासणी कशी करायची हे शिकणाऱ्यांसाठी ते आहे. 'माझी चूक नाही' हे त्याचं नाव मला फार आवडतं.

आता चाकणला जाऊ. चाकण म्हटलं की पूर्वी लोकांना कांद्याचा बाजार आठवायचा आणि १६६० साली शाहिस्तेखानाच्या फौजेशी किल्ला लढवणारे फिरंगोजी नरसाळा आठवायचे. आता मोटारी आठवतात. माझी भाची, थोरल्या बहिणीची मुलगी, तिथल्या एका कंपनीत टेस्टिंगला आहे. तिला एकदा विचारलं, तू दिवसभर करतेस तरी काय? ती म्हणाली, "मामू, आमचं कामच गाडीला खोटं सांगण्याचं आहे."

मला हे उमजायला एक अख्खा रविवार लागला. आजच्या मोटारीत इंजिनाचा कारभार एका लहान डब्याकडे असतो, त्याला ईसीयू म्हणतात. हा डबा प्रयोगशाळेत टेबलावर ठेवतात आणि त्याच्या सगळ्या तारा एका मोठ्या संगणकाला जोडतात. तो संगणक त्याला सांगत राहतो, की इंजिन चालू आहे, वेग साठ आहे, पाणी नव्वद अंशांवर आहे, समोर चढ आहे. डब्याला वाटतं आपण खंबाटकी घाट चढतो आहोत. असतो तो टेबलावर, एसीच्या हवेत. या पद्धतीला 'हार्डवेअर इन द लूप' म्हणतात.

मग भाचीचं खरं काम सुरू होतं. ती एका रिलेने एक तार तोडते. समजा, इंजिनातल्या पाण्याचं तापमान सांगणाऱ्या सेन्सरची. तार तुटली की डब्याला जो व्होल्टेज मिळतो त्याचा अर्थ होतो, पाणी भयंकर थंड आहे, शून्याखाली चाळीस. आता चाकणमध्ये उणे चाळीस! डब्याने यावर विश्वास ठेवायचा नाही, हीच परीक्षा. त्याने ओळखायचं की थंडी पडलेली नाही, तार गेली आहे. मग 'पी ०११८' असा कोड स्मरणात ठेवायचा, डॅशबोर्डावर इंजिनाच्या आकाराचा पिवळा दिवा लावायचा, तापमानाचा एक सुरक्षित अंदाज धरायचा आणि रेडिएटरचा पंखा जोरात सोडायचा, म्हणजे इंजिन तापून बसणार नाही. अशा शेकडो खोट्या आपत्ती ती घडवते. कुठे तार तोडायची, कुठे दोन तारा एकमेकींना चिकटवायच्या, कुठे सिलिंडरमध्ये मिसफायर दाखवायचा.

हा नुसता हौसेचा मामला नाही. वाहनांच्या सुरक्षेचं 'आयएसओ २६२६२' हे मानक २०११ साली आलं, त्यात असे मुद्दाम फॉल्ट टाकून तपासणी करायला सांगितलं आहे. आपल्याकडे १ एप्रिल २०२० पासून बीएस-सहा नियम लागू झाले. धूर स्वच्छ करणारी यंत्रणा बिघडली तर गाडीने स्वतः ते ओळखलं पाहिजे, हे कंपनीला प्रमाणपत्रासाठी दाखवून द्यावं लागतं. त्याकरता खराब झालेला भाग बसवतात, किंवा तो खराब असल्याची इलेक्ट्रॉनिक बतावणी करतात. पुण्यात वेताळ टेकडीवर जी एआरएआय संस्था आहे, तिचं हेच प्रमाणपत्रांचं काम. तुमच्या दारातल्या नव्या गाडीचा पिवळा दिवा खऱ्या रस्त्यावर लागण्याआधी प्रयोगशाळेत किती वेळा खोटाच लागून गेलेला असतो!

मी भाचीला विचारलं, "एवढं खोटं बोलून झाल्यावर मग काय करता?" ती म्हणाली, "लिहून ठेवतो मामू." कोणता फॉल्ट, कोणी टाकला, किती वाजता, किती सेकंद, डब्याने काय उत्तर दिलं, शेवटी तार पुन्हा जोडली का, कोड पुसला का. एकही ओळ राहिली तर चाचणी बाद. डब्याच्या आत खोट्या आजाराची खूण ठेवून त्याला पुढे पाठवायची परवानगी नाही. आयटीआयमध्ये वायरिंग शिकवायच्या बोर्डामागे छोटी बटणं असतात, मास्तर एखादं दाबून ठेवतात आणि मुलांनी दोष शोधायचा. तिथेही बटण कोणी दाबलं हे सगळ्यांना ठाऊक असतं. कारखान्यातल्या आगीच्या मॉक ड्रिलचंही तेच. सायरन खोटा, पण रजिस्टरमध्ये सेफ्टी ऑफिसरची सही खरी.

याच्या नेमकं उलटं उदाहरणही आहे, आणि त्याचा चाकणशी संबंध आहे. फोक्सवॅगन कंपनीच्या डिझेल गाड्यांतलं सॉफ्टवेअर, चाचणी चालू आहे हे ओळखून तेवढ्यापुरता धूर कमी करतं, असं अमेरिकेच्या पर्यावरण खात्याने सप्टेंबर २०१५ मध्ये उघड केलं आणि तिथे कंपनीने ते मान्यही केलं. भारतात एआरएआयने तपासणी केल्यावर डिसेंबर २०१५ मध्ये कंपनीने ३,२३,७०० गाड्या सॉफ्टवेअर दुरुस्तीसाठी परत बोलावल्या. इथले नियम मोडल्याचं मात्र तिने नाकारलं. भाचीचा संगणक निरोगी गाडीला आजारी भासवतो, ते सॉफ्टवेअर दोष असून निरोगी असल्याचं भासवत होतं. फरक एवढाच नाही. भाचीच्या खोट्याची वही आहे, त्या खोट्याची नव्हती.

ही वही डोक्यात ठेवा, कारण आता चिंचवडला, आमच्या सोसायटीत यायचं आहे.

आमच्या मजल्यावर एक काका राहतात. एका मोठ्या कारखान्याच्या टूलरूममधून निवृत्त झालेले. उभं आयुष्य मायक्रॉनमध्ये मोजण्यात गेलं. नातू परदेशात, त्याच्याशी बोलायला मुलाने लॅपटॉप घेऊन दिला. एका दुपारी ते रेल्वेचं वेळापत्रक शोधत होते. कुठेतरी क्लिक झालं आणि अख्खा पडदा निळा-लाल झाला. सायरन वाजू लागला. एक बाई इंग्रजीत बजावू लागली, की तुमचा संगणक लॉक केला आहे, बँकेची माहिती चोरीला जाते आहे, मशीन बंद करू नका, या क्रमांकावर ताबडतोब फोन करा.

प्रत्यक्षात ते होतं एक वेबपान. पूर्ण पडदा व्यापून बसलेलं, आवाज लावलेलं. त्याला संगणकाच्या आतलं काही दिसत नव्हतं. काकांनी फोन केला. पलीकडचा तरुण अदबीने बोलला. त्याने एक प्रोग्रॅम उतरवून घ्यायला लावला, त्यामुळे लॅपटॉप त्याच्या हाती गेला. मग त्याने विंडोजमधलंच 'इव्हेंट व्ह्यूअर' नावाचं पान उघडलं. तिथे लाल-पिवळ्या खुणांची ही भलीमोठी यादी! ती यादी खरी होती. संगणक आपल्या बारीकसारीक तक्रारी तिथे टिपून ठेवत असतो, आणि ठणठणीत मशीनमध्येही तिथे लाल खुणा असतातच. आधीची पाटी खोटी होती, तिला आधार म्हणून पुढे केलेली यादी खरी. काकांचे चौऱ्याऐंशी हजार रुपये गेले.

पैशांपेक्षा मला वेगळ्या गोष्टीचा त्रास झाला. काकांनी ही गोष्ट दोन महिने काकूंपासूनही लपवून ठेवली. मला सांगितली तेव्हा म्हणाले, "भाई, ती बाई काय बोलतेय ते मला पुरतं कळत नव्हतं. मला वाटलं, आपलंच इंग्रजी कच्चं, आपल्याच हातून काही तरी दाबलं गेलं." मला माझा जुना हेल्पर आठवला. हजारो जॉब मोजून पास-नापास करणारा माणूस, पण पाटी इंग्रजीत होती म्हणून त्याने मोजपट्टी स्वतःलाच लावली.

अशा वेळी लोक 'म्हाताऱ्यांना कळत नाही' म्हणून मोकळे होतात. मला ते पटत नाही. मायक्रोसॉफ्टने २०२१ साली १६ देशांत पाहणी केली होती. तिच्यात भारतातल्या ६९ टक्के लोकांनी असा तांत्रिक मदतीचा बनाव वर्षभरात आपल्या वाट्याला आल्याचं सांगितलं, आणि ३१ टक्के लोकांनी त्यात पैसे गमावल्याचं. इतके सगळे काही निवृत्त नसणार.

आणि फोनच्या पलीकडे कोण असतं? सीबीआयने ऑक्टोबर २०२३ मध्ये 'ऑपरेशन चक्र-२' खाली देशभर ७६ ठिकाणी झडत्या घेतल्या. त्यातली काही प्रकरणं मायक्रोसॉफ्ट आणि ॲमेझॉनच्या तक्रारींवरून होती; पडद्यावर खोट्या इशाऱ्याची पाटी टाकून परदेशी ग्राहकांना फोन करायला लावायचं, असा आरोप होता. सप्टेंबर २०२४ मध्ये पुणे, हैदराबाद, अहमदाबाद आणि विशाखापट्टणम इथल्या ३२ ठिकाणी झडत्या झाल्या आणि २६ जणांना अटक झाली. पुणे हे नाव त्या यादीत वाचून मी वर्तमानपत्र खाली ठेवलं.

कारण माझ्याकडे कविता दाखवायला एक मुलगा यायचा. चाकणला कंत्राटी कामगार होता. सात महिने झाले की ब्रेक, मग पुन्हा नवा ठेकेदार. एकदा आला आणि म्हणाला, "सर, रात्रपाळीचं काम मिळालंय, बाहेरच्या देशांचे कॉल." काही आठवड्यांनी तो पुन्हा दिसला तेव्हा काम सोडलं होतं, पगारही मिळाला नव्हता. त्याला तिथे एक छापील कागद दिला होता. त्यावरचं पहिलंच वाक्य होतं, समोरच्याला संगणक बंद करू देऊ नका. मी विचारलं, हेच पहिलं का? तो म्हणाला, "बंद करून चालू केला की ती पाटी जातेच ना सर. मग बोलायचं कशावर?" त्याने त्यावर कविता केली नाही, आणि मीही कर म्हटलं नाही.

खऱ्या फॉल्टचं वागणं वेगळं असतं. १९ जुलै २०२४ आठवा. क्राउडस्ट्राइक या सुरक्षा कंपनीच्या एका सदोष अपडेटमुळे जगभर सुमारे ८५ लाख संगणक निळे पडले. आपल्याकडे विमानतळांवर हाताने बोर्डिंग पास लिहून देण्याची वेळ आली. इतका मोठा बिघाड, पण त्या निळ्या पाटीने कुणाकडे पैसे मागितले नाहीत. अडचण आली आहे, एवढं सांगून एक कोड दाखवला आणि ती गप्प राहिली. फोन क्रमांक द्यायला मग माणसं आली. दुरुस्ती करून देतो म्हणणारी बनावट संकेतस्थळं लगोलग उभी राहिली आणि सरकारच्या सर्ट-इन संस्थेला त्याबद्दल इशारा काढावा लागला. मायक्रोसॉफ्ट स्वतः सांगतं, की त्यांच्या चुकीच्या पाटीवर फोन क्रमांक कधीही नसतो. एवढी एक गोष्ट पाठ असली तरी पुष्कळ झालं.

गेल्या महिन्यात भाचीने आमच्या सोसायटीच्या हॉलमध्ये ज्येष्ठांना बसवून एक उद्योग केला. घरून एक खोटं पान बनवून आणलं. सायरन, निळा-लाल पडदा, इंग्रजी दमदाटी, सगळं होतं. क्रमांकाच्या जागी मात्र नुसती शून्यं. सुरू करण्याआधी फळ्यावर लिहिलं, 'हा फॉल्ट मी टाकला आहे', खाली सही आणि वेळ. मग एकेकाला लॅपटॉपपाशी बोलावलं. एस्केपची कळ काही सेकंद दाबून धरायची. त्याने पडदा लहान झाला नाही तर ऑल्ट आणि एफ-फोर. तेही नाही जमलं तर चालू-बंदचं बटण विझेपर्यंत दाबून ठेवायचं, आणि परत चालू केल्यावर 'जुनी पानं पुन्हा उघडू का' असं ब्राउझरने विचारलं तर नाही म्हणायचं. पैसे गेलेच असतील तर वाट न बघता १९३० वर फोन. पहिल्या आजी सायरन वाजताच मागे सरकल्या. तिसऱ्यांदा त्यांनी बोलणाऱ्या बाईला 'गप गं' म्हटलं आणि कळ दाबली.

मागून कोणीतरी विचारलं, "आणि खरंच बिघडला असेल तर?"

"तर बंद करून चालू केल्यावर तो कोड बहुतेक पुन्हा येईल," भाची म्हणाली. "कागदावर उतरवून घ्या आणि ओळखीच्या दुकानात न्या. पाटीवरच्या माणसाला विचारायचं नाही."

काका शेवटी उठले. एस्केप दाबली, पडदा लहान झाला, पान बंद केलं. मग त्यांनी भाचीकडून खडू मागून घेतला, फळ्यावर तिच्या सहीखाली पान बंद केल्याची वेळ लिहिली आणि शेजारी आपली सही केली. दुसऱ्या दिवशी त्यांच्या लॅपटॉपच्या झाकणावर मला एक चिठ्ठी चिकटवलेली दिसली. चिंचवड स्टेशनजवळच्या दुरुस्तीवाल्याचा क्रमांक, आणि त्याखाली १९३०.